दारावरनं: एका ओवीची वही आणि तिचा गळा

माझ्या थोरल्या मावशीच्या ओव्यांची एक शंभरपानी वही माझ्याकडे आहे. २०११ च्या मे महिन्यात सुट्टीला तिच्याकडे गेले होते. दुपारची कामं आवरली की ती ओसरीवर बसून सांगायची आणि मी लिहून घ्यायचे. पंधरा दिवसांत चौऱ्याहत्तर ओव्या झाल्या. घरी आल्यावर मी त्या विषयवार लावल्या: देवाच्या, सीतेच्या, आईच्या, भावाच्या, लेकराच्या, शेताच्या. 'भावाचं कौतुक' या मथळ्याखाली ही ओवी आहे:

माझ्या गं दारावरनं घोडा कुणाचा चालला
बंधूच्या पटक्याचा शेमला गं वाऱ्यानं हालला

दारावरनं घोडेस्वार चाललाय, फेट्याचा शेमला वाऱ्यावर उडतोय, बहीण ओट्यावरून अभिमानाने बघतेय. मी तरी अशीच वाचली. मी मराठी शिकवते. एका राखीपौर्णिमेला ही ओवी मी वर्गातल्या मुलींकडून पाठही करून घेतली होती.

अकरा वर्षांनी तीच ओवी जात्यावर ऐकली आणि मथळा चुकल्याचं कळलं. तो कसा चुकला आणि त्यात माझ्या लिहून घेण्याच्या पद्धतीचा वाटा किती, हे मांडावं म्हणून हे लिहिते आहे. लोकसाहित्य गोळा करणाऱ्या, आजीची गाणी फोनमध्ये साठवणाऱ्या कुणाच्या तरी उपयोगी पडेल. मावशीच्या परवानगीने लिहिते आहे. तिचं नाव आणि गाव देत नाही, घरगुती तपशीलही दोन-चार ठिकाणी बदलले आहेत.

सांगताना अडायची, त्याचं काय

२०११ ची एक गोष्ट मी तेव्हा पाहिली, पण मनावर घेतली नाही. ओवी सांगताना मावशी मधेच अडायची. पहिली ओळ यायची, दुसरीला 'थांब, येतंय' म्हणायची आणि तिचा उजवा हात मांडीवर गोल फिरायला लागायचा. मूठ वळलेली, जणू खुंटा धरलाय. दोन-तीन फेरे झाले की दुसरी ओळ यायची. कधी यायचीच नाही. 'जात्यावर बसलं की ओवी सुचते' ही म्हण आपण अंगावर काम पडलं की सुचतं, अशा अर्थाने सहज वापरतो. मावशीच्या बाबतीत ती शब्दशः खरी होती. ओवी तिच्या डोक्यात शब्दांच्या रूपात साठवलेलीच नव्हती. ती हाताच्या फेऱ्यात, श्वासात आणि दगडाच्या घरघरीत होती, आणि मी तिला त्या तिन्हींपासून तोडून ओसरीवर बसवलं होतं.

शिवाय ती जे सांगायची त्यातलंही मी गाळत होते. 'गं बाई', 'माझ्या का गं', एकच तुकडा दोनदा-तीनदा म्हणणं, हे सगळं मला भरीचं वाटायचं. मात्रा बसवण्यापुरते 'गं' ठेवले, बाकीचे काढले. छापील संग्रहांत ओव्या अशाच नेटक्या दोन ओळींत दिसतात, मीही त्याच वळणावर गेले. त्या संग्रहांना मी उणं म्हणत नाही. साने गुरुजींनी 'स्त्री जीवन' हा ओव्यांचा संग्रह सिद्ध केला, सरोजिनी बाबरांनी लोकसाहित्य समितीच्या कामातून खंडच्या खंड उभे केले, म्हणून हे शब्द आज वाचायला मिळतात. वही आणि पेन्सिल घेऊन फिरणाऱ्यांना जेवढं आणता येणं शक्य होतं, तेवढं त्यांनी आणलं. माझ्या हातात मात्र २०११ सालीही आवाज टिपणारा फोन होता. तो मी काढलाच नाही, कारण ओवी म्हणजे शब्द, अशी माझी पक्की समजूत होती.

पहिला प्रयत्न फसला

२०२२ च्या दिवाळीनंतर पुन्हा गेले. मावशी आता ऐंशीच्या घरात. गावात विजेची गिरणी येऊन पिढी उलटली. घरातलं जातं लग्नात हळद दळण्यापुरतं पुजलं जातं आणि एरवी पडवीच्या कोपऱ्यात पोत्याखाली असतं. तिच्या नातवाने ते ओढून मधे घेतलं, वरची तळी उचलून झाडली, खुंटा सैल झाला होता तो ठोकून बसवला. मावशीने बोट फिरवून पाहिलं आणि म्हणाली, "टाकी लावून किती वर्सं झाली. घासाला धरायचं न्हाई." म्हणजे छिन्नीने दगड खरबरीत करून किती वर्षं झाली, आता तो दाणा नीट धरणार नाही. तरीही एक सूप बाजरी घेऊन ती बसली. समोर तिची धाकटी जाऊ, आमची काकू. जातं दोघींनी ओढायचं आणि ओवीही दोघींनी चालवायची: एकीने उचलायची, दुसरीने झेलायची.

पहाटे पाचला बसलो. अर्धा तास गायल्या. मी फोनवर टिपलं आणि सकाळी ऐकलं, तर त्यात जातंच नव्हतं. फोनमधल्या ध्वनिमुद्रणाच्या अ‍ॅपला 'आवाज स्वच्छ करा' असा पर्याय असतो, तो चालू राहिला होता. एकसुरी, सतत येणारा आवाज म्हणजे गोंगाट, तो काढून टाकायचा, हे त्या यंत्राला शिकवलेलं आहे. पंख्याच्या घरघरीला ते ठीक आहे. इथे त्याने जातं पुसून टाकलं आणि त्यासोबत प्रत्येक ओळीचं शेपूटही छाटलं, कारण मावशीचा स्वर शेवटाला खाली येऊन दगडाच्या आवाजात मिसळतो. उरलं ते निर्वात पोकळीत म्हटल्यासारखं, तुटक तुटक गाणं. मी २०११ मध्ये पेनाने जे केलं होतं, तेच फोनने आपणहून केलं होतं.

दुसऱ्या दिवशी एका मित्राकडून साधा ध्वनिमुद्रक आणला. आवाज आपोआप वरखाली करणारी सोयही बंद केली, कारण ती चालू असली की गाणारी थांबली रे थांबली की यंत्र मागची शांतता फुगवून वर आणतं आणि थांबणं थांबण्यासारखं ऐकूच येत नाही. यंत्र जमिनीवर ठेवलं तर दगडाचा हादरा थेट आत जात होता. म्हणून पाटावर गोधडीची घडी, घडीवर यंत्र, आणि दोघींच्या तोंडापासून हातभर दूर. एवढ्या तजविजीनंतर जे मिळालं, त्यातच ती ओवी आहे.

ऐकू आलं ते

त्या ओवीपुरता तुकडा चार मिनिटांच्या आसपास आहे. मी तो इतक्या वेळा ऐकलाय की डोळे मिटून सांगू शकते.

आधी नुसतं जातं. घास नुकताच पडला आहे, म्हणून आवाज भरलेला, जाड. रिकामं होत आलं की दगडावर दगड घासून तो कोरडा आणि उंच होतो. बाजरी संपत आल्याचं घरातल्या बाया दुसऱ्या खोलीतूनही ओळखायच्या, त्याच खुणेवर. मग मावशी उचलते: "माझ्या गं दारावरनं". आणि थांबते.

जातं फिरत राहतं. एक फेरा, दोन, तीन. घड्याळ लावून पाहिलं, सहा सेकंद. गाण्यात सहा सेकंद फार मोठे असतात. मग पुन्हा: "दारावरनं गं बाई, दारावरनं". 'वरनं' वर स्वर चढत नाही, तिथेच घोटाळतो. पुन्हा एक फेरा नुसता. आणि मग "घोडा कुणाचा चालला" एका दमात, घाईने, जणू ते म्हणून मोकळं व्हायचंय. दुसरी ओळ ती थेट घेते, पण 'हालला' म्हणताना आवाज इतका खाली जातो की शेवटचा 'ला' जात्यातच विरतो.

मग काकू झेलते. तीच ओळ, तीच चाल. पण ती कुठेही थांबत नाही. "माझ्या गं दारावरनं घोडा कुणाचा चालला", सरळ, मोकळ्या गळ्याने, 'चालला' वर छान हेल देऊन. काकूचा भाऊ दर भाऊबीजेला येतो, येताना कणसं आणतो. तिच्या तोंडी ही ओवी कौतुकाचीच आहे. म्हणजे माझा मथळा काकूपुरता बरोबर होता.

एकाच मुद्रणात, एकाच चालीवर, शब्दाला शब्द तेच ठेवून दोन ओव्या शेजारी शेजारी उभ्या आहेत. एकीत भाऊ दारावरून दिमाखात चाललाय. दुसरीत भाऊ दारावरून चाललाय, दारात आलेला नाही.

त्यानंतरचं मला सगळ्यात जास्त हलवून गेलं. मावशीने ओवी फिरून घेतली, पुन्हा 'दारावरनं'पाशी थांबली, आणि या खेपेला झेलताना काकूही तिथेच थांबली. तिने आपला भाऊ बाजूला ठेवला आणि जावेचं दुःख गायला घेतलं. कुणी कुणाला खूण केली नव्हती. दोघींच्या हातांत एकच खुंटा होता, त्याची ओढ सैल झाली की समोरचीला कळतं.

दळण झाल्यावर मावशी पीठ भरायला आत गेली. काकू हळूच म्हणाली, "तुझा मामा त्या साली पाटलाच्या पोरीच्या लग्नाला आला व्हता गावात. हिच्या दारावरनं गेला. आत आला न्हाई." मला त्याची पार्श्वभूमी अर्धवट माहीत होती. वडिलांच्या जमिनीवर बहिणींनी हक्कसोडपत्र करून द्यावं असं मामाचं म्हणणं होतं. माझ्या आईने सही केली. मावशीने केली नाही. मामा आता हयात नाही. माझ्यावर त्याचा फार जीव होता, आणि त्या जिव्हाळ्याच्या चष्म्यातूनच मी ती ओवी कौतुकात टाकली असणार.

मामाकडे घोडा कधीच नव्हता. तो त्या लग्नाला जीपमधून आला होता आणि पटकाही बांधत नसे. घोडा, पटका, शेमला हे सगळं ओवीतलं जुनं सामान आहे. मावशीला ही ओवी तिच्या सासूकडून आली आणि सासूला कुणाकडून आली ते कुणालाच ठाऊक नाही. त्या शब्दांत मावशीचं स्वतःचं असं काहीच नाही. तिचं आहे ते सहा सेकंदांचं थांबणं, 'दारावरनं' तीनदा म्हणणं आणि 'हालला'चा बुडता स्वर. नेमकं तेवढंच मी २०११ मध्ये भरीचं म्हणून गाळलं होतं.

हे एकट्या मावशीचं नाही

ओवीचा एक फार जुना उल्लेख 'मानसोल्लासा'त आहे. कल्याणीचा चालुक्य राजा सोमेश्वर तिसरा याच्या नावावरचा हा बाराव्या शतकातला संस्कृत ग्रंथ. त्यात म्हटलंय की महाराष्ट्रात स्त्रिया कांडताना ओवी गातात. ओवी त्यात येते ती गाण्याच्या प्रकरणात, मुसळाच्या घावासोबत. ज्ञानदेवांनी १२९० मध्ये तिला ग्रंथात बसवलं ते त्यानंतर. अभ्यासक कंठस्थ ओवी आणि ग्रंथस्थ ओवी असा भेद करतात तो याच फाट्यावर. पण ग्रंथात गेल्यावरही तिने गळा सोडला नाही. ज्ञानेश्वरीतल्या ओवीचे पहिले तीन चरण यमकाने बांधलेले आणि चौथा आखूड, यमकाविना सोडलेला. मनातल्या मनात वाचताना तो चौथा चरण अपुरा वाटतो. पारायणाला मोठ्याने म्हटलं की कळतं, तिथे श्वास टेकतो.

जात्यावरच्या ओव्यांचं आपल्याकडचं सगळ्यात मोठं संकलन हेमा राईरकर आणि गी पॉइतवाँ यांनी पुण्याहून केलं. मुळशी-मावळच्या डोंगरी भागातल्या बायकांबरोबर काम करता करता ते सुरू झालं आणि महाराष्ट्रातल्या हजाराहून अधिक गावांत पसरलं. एक लाखाहून जास्त ओव्या लिहून घेतल्या गेल्या. पुढे १९९० च्या दशकात संगीत आणि संगणक दोन्ही जाणणारे बर्नार बेल त्यात आले आणि प्रत्यक्ष गाणं टेपवर उतरू लागलं. असं मुद्रण सुमारे १२० तासांचं आहे. लाखभर ओव्यांपुढे १२० तास थोडेच, म्हणजे बहुतेक ओव्या आपल्याकडे शब्दांच्याच रूपात आहेत. पत्रकार पी. साईनाथ यांनी सुरू केलेल्या 'परी' या ग्रामीण भारताच्या संग्रहाने नंतर हे धन हाती घेतलं. त्यांची माणसं जुन्या नोंदींवरून गावोगावी जाऊन त्या बायकांना पुन्हा भेटली, जमेल तिथे पुन्हा गायला बसवलं. मला त्या कामाचं मोल फार वाटतं ते याच परत जाण्यासाठी.

त्या मुद्रणांत बीड जिल्ह्यातल्या माजलगावच्या भीमनगरातल्या बायकांनी १९९६ साली गायलेल्या बाबासाहेबांच्या ओव्या आहेत. वर्गात मी त्या आधी छापील वाचून दाखवते आणि मग ऐकवते. वाचताना मुलं त्यांना 'थोर पुरुषावरची कविता' म्हणतात. ऐकल्यावर एक मुलगी म्हणाली, "बाई, ही तर घरच्या माणसाला हाक मारतेय." ज्या घडणीत भाऊ येतो, विठोबा येतो, त्याच घडणीत तिथे भीमराव येतात. ते नातं शब्दांतून थोडं कळतं, गळ्यातून पुरतं कळतं.

मी काय बदललं

वही फाडली नाही. त्या ओवीपुढे 'भावाचं कौतुक' खोडून काही लिहिलंही नाही. ओव्यांची विषयवार मांडणीच सोडून दिली, कारण एकाच ओवीचा विषय काकूच्या तोंडी एक आणि मावशीच्या तोंडी दुसरा असेल तर ती कुठल्या कप्प्यात टाकणार? आता प्रत्येक ओवी गाणारीच्या नावाखाली जाते, म्हणजे तिने दिलेल्या नावाखाली. सोबत लिहिते: कुठलं धान्य होतं, पहाट होती की दुपार, समोर कोण होती, कुणी उचलली आणि कुणी झेलली. लिहिताना 'गं बाई' काढत नाही. पुनरावृत्ती आहे तितक्या वेळा लिहिते. जिथे नुसतं जातं फिरतं तिथे फेऱ्यामागे एक उभी रेघ:

माझ्या गं दारावरनं । । ।
दारावरनं गं बाई, दारावरनं ।
घोडा कुणाचा चालला

हे दिसायला ओबडधोबड आहे, आणि स्वर चढला की बुडला हे त्यातून कळत नाहीच. पण वाचणाऱ्याला निदान एवढं समजतं की इथे काहीतरी झालं, आता ऐकायला हवं.

आणि ऐकायला देणं हाच यातला अवघड भाग निघाला. मला ते मुद्रण संकेतस्थळावर ठेवायचं होतं. मावशीला विचारलं. तिने आधी यंत्रावर ते स्वतः ऐकलं, पदराने तोंड झाकून. मग म्हणाली, "लिही तू काय लिहायचं ते. लिवलेलं कुणाचंबी असतंय. ह्यो गळा माझा हाय. भाचरं ऐकतील, वळखतील."

मी आधी तिला समजवायला गेले. जुन्या ओव्या टिकल्या पाहिजेत, लोकांना ऐकता आल्या पाहिजेत, हे सगळं म्हणून पाहिलं. मग माझ्या लक्षात आलं की जे मला अकरा वर्षांनी कळलं होतं, ते तिला आधीपासून माहीत होतं. शब्द सासूचे, म्हणून ते कुठेही गेले तरी तिला हरकत नव्हती. मामाच्या मुलांसमोर वही वाचली तर ती बापाचं कौतुक ऐकून खूश होतील. आवाज ऐकला तर पहिल्या थांब्याला त्यांना सगळं कळेल. वर्षानुवर्षं घरातल्या बायांच्या देखत ती ही तक्रार गात आली होती आणि ज्यांच्या कानी जाऊ नये त्यांच्या कानी ती गेली नव्हती, कारण जात्यापाशी पहाटे फक्त बायाच असत. मी ती भिंत पाडायला निघाले होते.

शाळा-कॉलेजातली मुलं हल्ली प्रकल्प म्हणून आज्यांची गाणी टिपतात आणि संध्याकाळपर्यंत ती फोनाफोनी सगळीकडे जातात. टिपा, जरूर टिपा, या पिढीनंतर जात्यावर गायलेला गळा मिळणार नाही. पण टिपण्याची परवानगी वेगळी आणि ऐकवण्याची वेगळी. दोन्ही वेगवेगळ्या मागाव्या लागतात, आणि ऐकवण्याची मागताना आधी तिला स्वतःला पूर्ण ऐकवावं लागतं. गाताना आपण काय बोलून गेलो, हे गाणारीला त्या क्षणी जाणवतंच असं नाही.

मुद्रणाच्या दोन प्रती आहेत. एक माझ्याकडे, एक मावशीच्या नातसुनेकडे. मावशीने तिला सांगून ठेवलंय, "मी गेल्यावर बाराव्याला लाव, भाचरं आलेली असतील तवा." म्हणजे ते कुणी ऐकायचं आणि कधी, हेही तिचं ठरलेलं आहे.

त्या चार मिनिटांच्या शेवटी ओवी संपल्यावर पाऊण मिनिट नुसतं जातं आहे. घास संपत येतो, आवाज कोरडा होत जातो, दगड दगडाला लागतो. मग काकूचा आवाज, "बास, झालं." नातसुनेने विचारलं होतं, एवढं शेवटचं कापून टाकू का, त्यात गाणं नाहीये. मी ते ठेवायला सांगितलं.